पिठात बुडणारे शिपाई

झ्लीन गावात ओताकारला सगळे चक्रम म्हणायचे, आणि तो होताच. सत्तरी उलटली तरी स्वयंपाकघराच्या टेबलावर पत्र्याचे शिपाई, बटणं, बाटल्यांची बुचं मांडून बसायचा. शिपाई केसभर सरकवायचा, फोटो काढायचा, पुन्हा सरकवायचा. असे बारा फोटो जमले की पडद्यावर शिपाई एक सेकंद चालणार! बायको कंटाळून केव्हाच निघून गेली. मुलगी ब्लांका ओस्ट्राव्हाला असायची. तीन वर्षांत तिने या घरात पाऊल टाकलं नव्हतं, आणि रविवारी जेवताना ओताकार रेडिओशीच बोलायचा.

त्या शनिवारी दुपारी अडीचला ती अचानक स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. तेही नेमकं तेव्हाच! टेबलावर यीस्ट घातलेलं पीठ फुगत होतं आणि शिपाई एकेक करून त्यात बुडत होते, आणि ओताकार मिनिटाला एक फोटो काढत होता. फुगणारं पीठ काय कुणासाठी थांबतं?

"बाबा, चारची बस आहे माझी. जरा बोलायचं होतं."

"आलोच गं. तिथेच थांब, हलू नकोस. जमिनीची फळी हलली की सगळी मेहनत पाण्यात."

"चला, काही बदललं नाही म्हणायचं," ती हसली. "चालायला लागले तेव्हापासून हेच ऐकतेय, हलू नकोस!"

"पाचच मिनिटं, पोरी."

पाच मिनिटं कसली न्‌ काय! लेक आली म्हणून जीव नुसता सुपाएवढा झाला होता त्याचा. कॉफी करायची, केक कापायचा, रात्री राहा म्हणायचं, सगळे बेत मनात चालले होते. पण मेल्याने मान काही वर केली नाही.

शेवटचा शिपाई बुडाला तेव्हा साडेचार झाले होते. "हं, आता बोल," म्हणत तो वळला, तर दारात कोणीच नव्हतं. कुठली फळी करकरते ते तिला लहानपणापासून पाठ. आवाज न करता गेली होती बिचारी, त्याचं काम बिघडू नये म्हणून. त्याने चारदा फोन लावला. तिने उचलला नाही.

मग बसून काढलेले फोटो पडद्यावर चालवून पाहिले. पिठामागे टेकवलेल्या स्टीलच्या पळीत दाराचं प्रतिबिंब दिसत होतं, आणि दारात ब्लांका. नवशिक्याही करणार नाही अशी चूक! सगळं वाया. पुसून टाकायला त्याने बोट उचललं, पण ते खाली येईना.

पळीत ती कोट काढत होती, भिंतीला टेकत होती, घड्याळ बघत होती. मग त्याच्याकडे बघून काहीतरी बोलली, थांबली, डोळे पुसले आणि कोट घातला. तासभर उभी होती लेक. पडद्यावर पाच सेकंद.

त्याने ते पुन्हा पुन्हा पाहिलं. ती बोलली तेव्हा आपण "हूं" म्हटलं होतं, एवढं त्याला पक्कं आठवत होतं. तिच्या कुठल्या बोलण्याला म्हटलं, ते काही केल्या आठवेना.