कॅमेरा चालूच होता

ओफेलिया रिंकोन दुधाचे दात पडायच्या आधीपासून मार खात होती, आणि त्यासाठीच मेक्सिकोनं तिला डोक्यावर घेतलं होतं. पडद्यावर ही पोर रडली की अख्खं थिएटर हुंदके द्यायचं. अहो, रडेल नाही तर काय करेल! शॉट लागला की आई कॅमेऱ्याच्या आडून असा चिमटा काढायची की कातडं सोलून निघावं. धारा लागल्या की दिग्दर्शक खूश, आई खूश. पेपरवाले लिहायचे, जन्मजात कलावंत! डोंबलाची कलावंत.

मोठी झाल्यावर ती लॉस एंजेलिसला आली. इथे तिच्या वाट्याला मोलकरीण नाही तर मुडदा. कुणी गळा दाबायचं, कुणी जिन्यावरून ढकलायचं. २००६ साली एकदाची मुख्य भूमिका मिळाली, सीमा ओलांडून आलेल्या आईची. चाळिशी उलटली होती. हे हातचं गेलं तर कुत्रंसुद्धा विचारणार नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

शूटिंग कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात. तिच्या मुलीचं काम करणारी इत्सेल सात वर्षांची, सोबत तिची सख्खी आई योलांदा. पोरांवर सेटवर जबरदस्ती होऊ नये म्हणून कायद्यानं एक शिक्षिका हजर लागते. दिग्दर्शक ब्रेंटनं तिला गोड बोलून गावात जेवायला पाठवलं. कशासाठी, ते ओफेलियानं तेव्हाच ओळखलं.

सीन असा की पोर पाण्याचा कॅन सांडते आणि आई तिच्या थोबाडीत देते. ओफेलिया सराईतपणे हात हवेत फिरवायची, पोर मान झटकायची, पण डोळे कोरडे ठणठणीत. ब्रेंट वैतागला. योलांदानं पोरीला दंडाला धरून ट्रकमागे नेलं. सटासट आवाज आले. सगळ्यांनी ऐकले आणि सगळे चहा-कॉफीत माना खुपसून बसले. ओफेलियासुद्धा गप्प बसली. लाज वाटली तिला स्वतःची, पण बसली.

पोर परत आली, गाल लाल, डोळे तरीही कोरडे.

"खरंखुरं मार," ब्रेंट ओफेलियाच्या कानाशी लागला. "एकच. कॅमेरा चालू आहे."

तिनं हात उचलला. तर ती कार्टी आपणहून पुढे सरकली आणि गाल वर करून समजुतीच्या सुरात म्हणाली, "जोरात मार, मावशी. म्हणजे लवकर सुटू."

ओफेलियाच्या डोक्यात तिडीक गेली. ती गर्रकन वळली आणि ब्रेंटच्या नाकावर अशी मूठ हाणली की हाड मोडल्याचा आवाज आला. तो कोलमडला. तिनं त्याच्या बरगडीत लाथ घातली, मग दुसरी. मेल्या, हरामखोरा, असं काय काय ती स्पॅनिशमध्ये ओरडत होती. रक्त पाहून इत्सेलनं भोकाड पसरलं. आईला हाका मारत ती रडायला लागली.

आणि वाळूत पडलेला ब्रेंट, तोंडात रक्त, काय ओरडला माहितेय? "पोरीवर घ्या! पोरीवर घ्या! कट करू नका!"

कॅमेरामननं खरंच कॅमेरा पोरीकडे वळवला.

ओफेलियाचं उभं आयुष्य कॅमेऱ्यासमोर गेलं होतं, कुठला खटका कुठे हे तिला माहीत होतं. तिनं कॅमेरामनला ढकललं, फिल्मचा डबा उपसला, उघडला आणि आतली फिल्म हातांनी ओढून भर उन्हात वाळूवर फेकली. उजेड लागून त्या सीनचं सगळं चित्रण जळून गेलं, तिचं स्वतःचं कामही. आयुष्यात इतकं चांगलं काम तिनं कधी केलं नव्हतं.

हुंदके आवरत इत्सेलनं फिल्मच्या ढिगाकडे पाहिलं. सगळं कळलं तिला, सेटवरचीच पोर ती. बाहीनं नाक पुसलं आणि ती ओफेलियावर चिडून किंचाळली, "काय केलंस हे? आता परत मार खायला लागेल मला!"

ओफेलियानं तिला जवळ ओढलं. पोर चावली, बोचकारली, पण तिनं सोडली नाही. योलांदा धावून आली तेव्हा ओफेलियानं लाइटचा लोखंडी स्टँड उचलला आणि कुणीतरी बोलावलेल्या पोलिसांची गाडी येईपर्यंत तो खाली ठेवला नाही.