टीम बंद झाल्यावरचे शनिवार

अमेरिकेतल्या विलो फोर्क कॉलेजची फुटबॉल टीम जिंकायची कधीमधी, पण गाव मॅचला जायचं ते दर शनिवारी. फुटबॉल म्हणजे तिकडचा, हेल्मेट घालून, चेंडू काखेत मारून पळायचा. फार पूर्वी एकदा त्यांनी चॅम्पियन टीमला धूळ चारली. तेव्हा पोरांनी गोलचा खांब उपटून गावभर मिरवला आणि दातांच्या डॉक्टरांच्या परसात रोवला. डॉक्टरीणबाई त्यावर अजून कपडे वाळत घालतात.

पुढे कॉलेजात पोरंच कमी यायला लागली. शेवटी शेवटी बदली खेळाडूच उरला नाही. जो पडला तोच कण्हत उठून परत उभा राहायचा. नाताळच्या तोंडावर डीनसाहेबांनी कोच व्हर्लिन कोलाशला बोलावलं, फुटबॉल बंद करायचं ठरल्याचं सांगितलं आणि वर कॉफी विचारली. उमेदीची सगळी वर्षं त्या मैदानावर घालवलेला व्हर्लिन कॉफी न घेताच घरी आला आणि हेल्मेटं पुसत बसला.

"पूस, चांगली पूस," त्याची बायको ओपल म्हणाली. "कोंबड्यांना अंडी घालायला होतील."

त्याचा करार अजून बाकी होता. नेमके त्याच सुमारास, मॅचच्या मध्यंतरात मैदानावर वाजवत फिरणाऱ्या कॉलेजच्या बँडचे मास्तर लग्न करून ओरेगनला गेले. डीनसाहेबांनी बँड व्हर्लिनच्या गळ्यात मारला. वाजवायचं पोरं बघतील, त्यानं त्यांना फक्त रांगेत चालवायचं.

सूर कशाशी खातात हे व्हर्लिनला ठाऊक नव्हतं. पहिल्याच दिवशी त्यानं शिट्टी फुंकून अख्ख्या बँडला मैदानाभोवती पळवलं. दोन क्लॅरिनेटवाले गवतात आडवे झाले. तेव्हा ट्युबा हे भलंमोठं पितळी वाद्य फुंकणारी जोनेल, अंगापिंडानं दणकट मुलगी, पुढे आली.

"कोच, फुंकायला थोडा श्वास शिल्लक ठेवायचा का?"

व्हर्लिनला ते पटलं.

सप्टेंबरातल्या पहिल्या शनिवारी तो बँड घेऊन मैदानावर गेला, तर प्रेक्षक आधीच हजर. मांडीवर घोंगड्या, थर्मासमध्ये राजमा-खिम्याची गरम चिली, डब्यात दालचिनीचे रोल. मॅच नाही हे सगळ्यांना माहीत होतं, पण शनिवारी घरी बसून करायचं काय? बँडनं मध्यंतराचे तुकडे वाजवले, लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग दर शनिवारी तेच.

ऑक्टोबरात माजी विद्यार्थ्यांचा मेळावा होता. फुटबॉलला निरोप देणारं लांबलचक भाषण डीनसाहेबांनी लिहून आणलं होतं. व्हर्लिननं त्याआधीच फळ्यावर आपल्या टीमची खेळातली एक जुनी चाल काढून ट्रॉम्बोनवाल्यांना आघाडीवर उभं केलं होतं. चेंडूऐवजी ट्युबा.

"अडवायला समोर कोण आहे?" जोनेलनं विचारलं.

"कोणी नाही. म्हणून तर जमेल."

त्या दिवशी ट्रॉम्बोन वाजत उजवीकडे वळले, ढोल त्यांच्यामागे, आणि जोनेल ट्युबा घेऊन डावीकडून सुटली. वर बसलेल्या जुन्या खेळाडूंना चाल ओळखू आली. क्षणभर कुजबुज झाली, आणि सुटलेली पोटं सावरत, टाय उडवत पाच-सहाजण मैदानात उतरले. गावातला विमा एजंट स्टुकलिक, एके काळचा नावाजलेला बचावपटू, थेट जोनेलवर झेपावला. त्याच्या हाती ट्युबाचं तोंड लागलं. ते त्यानं सोडलं नाही, जोनेलनंही चाल सोडली नाही. त्याला फरफटत तिनं गोलची रेषा ओलांडली.

व्हर्लिन मैदानाच्या कडेनं घसा फोडून ओरडत धावत होता. हिवाळ्यापासून छातीवर बसलेलं ओझं कुठे गेलं ते त्यालाच कळलं नाही. लोक उभे राहिले होते. डीनसाहेबांनी बराच वेळ वाट पाहिली आणि भाषणाचे कागद खिशात घातले.

फुटबॉल काही परत आला नाही. डीनसाहेबांनी व्हर्लिनचा करार मात्र मुकाट्यानं वाढवून दिला. वसंतात कॅन्ससच्या एका शाळेनं त्याला फुटबॉलचा कोच म्हणून बोलावलं. तो जाऊन मैदान बघून आला. गवत छान होतं, पोरंही दांडगी होती. ओपलनं सामान बांधायला माळ्यावरून खोकी काढली.  व्हर्लिन म्हणाला, ट्रम्पेटवाल्यांचं डावं वळण अजून कच्चं आहे, तेवढं नीट करून जाऊ.

ओपलनं खोकी परत माळ्यावर टाकली.