बुधवारच्या खणातल्या गोळ्या

बुधवारच्या खणात तीन गोळ्या होत्या – एक पांढरी, एक पिवळट, एक अर्धी. सोमवार-मंगळवार रिकामे, आणि गुरुवारपासून पुढचे सगळे खण भरलेले. पारदर्शक झाकणांची ती डबी फ्रिजवर तशीच पडून होती, आणि तो बुधवारचं झाकण अंगठ्यानं उघडत होता, बंद करत होता, पुन्हा उघडत होता... अर्धी गोळी आई दातानं मोडायची. हाताशी सुरी दिली तरी दातानंच. दर रविवारी बसून आठवड्याच्या साती मोडून ठेवायची आणि वर म्हणायची, माझे दात अजून माझेच आहेत रे बाबा.

"चहा ठेवलाय," बायको म्हणाली. "साखर घातलीय."

त्यानं घोट घेतला. साखर होती. पण साखर आहे का हे आपण जिभेवर घोळवून पाहिलं, हे त्याच्या लक्षात आलं आणि त्याला शरम वाटली. घरी येऊन चार दिवस झाले होते आणि चारही दिवस हेच चाललं होतं. ती म्हणाली दूध संपलं, की तो पातेल्यात डोकावायचा. ती म्हणाली शेजारी गावाला गेलेत, की तो जिन्यातून जाताना कुलूप बघायचा. कुलूप असायचं. दूध संपलेलं असायचं. बाई खोटं बोलत नव्हती... फक्त नऊ आठवडे बोलली होती.

त्याची पाणबुडी बारा आठवडे पाण्याखाली असायची. पोटात क्षेपणास्त्रं घेऊन समुद्रात कुठेतरी दबा धरून बसायचं, आणि ती कधीच सुटू नयेत म्हणून ती सुटायला सदैव तयार ठेवायची, असं ते काम. कुठे आहोत ते कुणाला कळता कामा नये, म्हणून बाहेर एक अक्षर पाठवायचं नाही. ऐकायचं फक्त. आठवड्यातून एकदा घरून चाळीस शब्द यायचे, किनाऱ्यावरच्या कचेरीतून तपासून, आणि रेडिओखोलीत त्यांची कागदी पट्टी निघायची. वाईट बातमी असेल तर पट्टी निघायची नाही. ती बातमी कप्तानाकडे जायची आणि गस्त संपेपर्यंत त्याच्याकडेच राहायची.

आई तिसऱ्या आठवड्यात गेली. बुधवारी, सकाळी, गोळ्या घ्यायच्या आधी. त्यानंतर नऊ पट्ट्या आल्या आणि नवांतही आई होती. आईंनी जुना स्वेटर उसवून नवा घातलाय, रंग तुला आवडणार नाही. आई जिन्यावर शेजारणीशी भांडल्या आणि जिंकल्या. आई म्हणतात, ये लवकर, बल्ब बदलायचाय... तो अरुंद बंकवर पडून हसला होता, एकटाच. बल्बसाठी बोलावते! आणि तेव्हा स्वेटर नव्हता, भांडण नव्हतं, आई नव्हती.

आल्या दिवशी त्यानं नऊच्या नऊ पट्ट्या टेबलावर मांडल्या आणि बायकोला विचारलं, हे काय आहे. तिनं हात पुसले आणि सरळ सांगितलं. कचेरीतल्या अधिकाऱ्यानं खुर्ची दिली, पाणी दिलं, आणि म्हणाला, नेहमी लिहिता तसंच लिहीत जा. आई एकदम गाळल्यात तर त्याच्या लक्षात येईल. तो तिथे बिथरला तर आम्हाला परवडणार नाही.

"पण स्वेटर?" तो म्हणाला होता. "बरी आहे एवढं लिहून भागलं नसतं? स्वेटर कशाला विणलास?"

तिनं स्वेटरची पट्टी उचलून पाहिली. मग म्हणाली, "ते तुझ्यासाठी नव्हतं. लिहीत असेपर्यंत त्या घरात असायच्या. मी एकटी होते इथे."

त्यानं पट्ट्या गोळा केल्या. पण राग गेला नाही. उलट जागा मिळेना म्हणून तो राग घरभर हिंडू लागला, आणि हिंडत हिंडत दर वेळी जोडीदारापाशी येऊन थांबायचा. रेडिओखोलीतला त्याचा जोडीदार. दोघांत एक बंक – एक उठला की दुसरा त्याच उबेत झोपायचा. आईचा निरोप आला तेव्हा पाळी जोडीदाराची होती. त्यानंच तो उतरवून घेतला, कप्तानाला दिला, आणि मग येऊन याला उठवलं, चल, पाळी तुझी. चहा कपात ओतून तयार. मला तेव्हाच कळायला हवं होतं, तो कधी कुणाला चहा ओतून देतो? आणि पत्ते! दोन वर्षं माझी चामडी लोळवणारा माणूस त्या आठवड्यापासून हरायला लागला. सलग एकोणीस डाव जिंकलो मी. एकोणीस! छाती काढून फिरत होतो त्या बोळकांडातून, आणि तो पत्ते टाकत म्हणायचा, नशीब आहे बाबा तुझं.

फसवलं मला. सगळ्यांनी मिळून, प्रेमानं, रांगेत उभं राहून फसवलं.

...आणि आचारी? आचाऱ्याचं काय?

हा विचार दाढ दुखावी तसा मध्येच यायचा. चार वर्षांपूर्वी आचाऱ्याचं तान्हं मूल गेलं, तेव्हा निरोप यानंच उतरवला होता. एक्केचाळीस दिवस तो आचाऱ्याच्या हातचं जेवला. मुलगी आता बसायला लागली असेल, असं आचारी वाढताना म्हणायचा, आणि हा म्हणायचा, असेल, असेल... अजून थोडं वाढ. धक्क्यावर उतरल्यावर आचाऱ्यानं एवढंच विचारलं होतं, तुला कधी कळलं? हा म्हणाला होता, आत्ताच, तुझ्याबरोबर.

टेबलावर फॉर्म होता. पुढच्या गस्तीचा, उद्यापर्यंत द्यायचा. रक्तगट, बुटाचा नंबर, आणि शेवटी तो प्रश्न – गस्त चालू असताना घरची वाईट बातमी कळवावी का? हो. नको. दोन चौकटी. सात गस्तींना त्यानं सात वेळा 'नको'वर खूण केली होती, न वाचता, सगळेच करतात तशी. गेल्या खेपेला आई समोरच बसली होती. पेन चालेना तेव्हा तिनंच आपल्या पिशवीतलं काढून दिलं, आणि विचारलं, काय भरतोयस एवढं? तो म्हणाला होता, काही नाही गं, जेवणाखाणाचं विचारतात. तिच्याच पेनानं. कुणी चोरून नव्हतं केलं हे, मीच सही करून दिलं होतं – आणि तरी राग त्यांच्यावरच येत होता, काय करू.

या वेळी 'हो'. सकाळी उठल्यापासून त्यानं ठरवलं होतं. काय व्हायचं ते होऊ दे, पण मला सांगा.

बायकोनं चपला घातल्या. तिच्या मानेत एक गाठ आली होती. सातव्या पट्टीच्या वेळीच होती, आणि सातव्या पट्टीत होतं – मी ठणठणीत. गेल्या आठवड्यात सुई घालून तपासली होती आणि अहवाल आज दुपारी मिळणार होता. तो म्हणाला, येतो मी. ती म्हणाली, कशाला, दहा मिनिटांचं काम, तू तो फॉर्म भर.

ती गेली. त्यानं पेन घेतलं, रक्तगट लिहिला, बुटाचा नंबर लिहिला. सकाळच्या वर्तमानपत्रात पाणबुड्यांवरच्या खर्चाबद्दल कुणी विद्वानानं अर्धं पान भरलं होतं – पोलाद, इंधन, दुरुस्ती. त्यानं ते वाचायचा प्रयत्न केला. विद्वान हुशार होता. मग तो खिडकीत उभा राहिला. समोरच्या गच्चीवर कुणीतरी चादर झटकत होतं.

दोन तासांनी किल्लीचा आवाज आला. दहा मिनिटांचं काम. तिनं चपला काढल्या, अहवालाचं पाकीट फ्रिजवर ठेवलं – डबीच्या शेजारी – आणि नळाखाली हात धरून, पाठमोरीच म्हणाली, "काही नाही निघालं. साधी गाठ आहे."

सहा शब्द. त्याच्या डोक्यानं आपोआप मोजले. आवाज नेहमीचाच होता. नेहमीचा होता का? पट्टीला आवाज नसतो, त्यामुळे स्वेटर विणताना तिचा आवाज कसा होता, हे त्याला माहीत नव्हतं.

पाकीट हाताच्या अंतरावर होतं. उघडं होतं. साखर तपासली, पातेलं तपासलं, शेजाऱ्यांचं कुलूप तपासलं... मग हे तर उचलायचं आणि वाचायचं. तो उठला, फ्रिजपाशी गेला. हात वर गेला आणि डबीवर थांबला. बुधवारचं झाकण त्यानं उघडलं, बंद केलं. तिच्यावर विश्वास आहे म्हणून थांबलो, असं म्हणता आलं असतं तर किती बरं झालं असतं. पण तसं नव्हतं. त्याला तेच हवं होतं, ते सहा शब्द, जसेच्या तसे, आणखी चौतीस मिळाले तरी चालले असते.

"बरं झालं," तो म्हणाला.

"फॉर्म भरलास?"

त्यानं टेबलाकडे पाहिलं. दोन्ही चौकटी कोऱ्या होत्या. पेन मध्ये आडवं पडलं होतं.

"भरला," तो म्हणाला. शब्द सहज आला, कुठेही न अडखळता, आचाऱ्याला दिला होता तसा.

"बरं," ती म्हणाली आणि नळ बंद केला. वळून तिनं टेबलाकडे पाहिलंसुद्धा नाही. तिला खरं वाटलं होतं, लगेच, एवढं सगळं झाल्यावरही... आणि मी फ्रिजपाशी उभा होतो, अंगठा बुधवारवर, तिनं एकदा येऊन तो कागद बघावा म्हणून वाट पाहत.