कापलेलं कडवं

मित्रांनो, मी एक जुनी व्हिडिओ कॅसेट आहे. तुमच्यातल्या पुष्कळांनी माझ्या जातीचं कुणी पाहिलेलंही नसेल. मध्यंतरी आमच्या डोंबिवलीच्या घरी रुचिता नावाची कॉलेजातली मुलगी आली होती. तिनं मला उलटंसुलटं करून पाहिलं आणि विचारलं, "काका, हिला चार्जिंगला कुठे लावायचं?" मला हात असता तर मी कपाळावर मारून घेतला असता. पण मला कपाळही नाही.

माझ्या पोटात लांबच लांब काळी फीत आहे. मी जन्मले तेव्हा ती कोरी होती. मला विकत घेतलं सुधीरकाकांनी. ते बँकेत नोकरी करायचे आणि सुट्टीच्या दिवशी खांद्यावर भलाथोरला कॅमेरा घेऊन सणासमारंभांचं चित्रण करायचे. हौसच होती त्यांना. मात्र ज्यांचा समारंभ त्यांना विचारल्याशिवाय त्यांनी कधी बटण दाबलं नाही, आणि विचारल्याशिवाय कुणाला प्रतही दिली नाही. सुमतीकाकू त्यांची थट्टा करायच्या, "स्वतःच्या लग्नातसुद्धा भटजींची परवानगी घेऊन माझ्याकडे पाहिलंत!"

त्या वर्षी वागळे इस्टेटमधल्या एका मंडळानं गणपतीत काकांना बोलावलं. मंडळातली बहुतेक मंडळी कोकणातली, कारखान्यांतून काम करणारी. आरतीनंतर जाखडी होती. मधोमध शाहीर आणि ढोलकीवाला बसले आणि भोवती एका पायात घुंगरू बांधलेल्या गड्यांनी फेर धरला. शाहिरांचं नाव महिपत. दिवसभर लेथवर लोखंड कातणारा माणूस, पण त्यांनी पहिला सूर लावला आणि मांडवातली पोरंटोरंही गप्प झाली. तो सूर माझ्या फितीवर उमटत होता. इतकं सुख मला पुन्हा कधी मिळालं नाही, हे मी लाज न बाळगता सांगते.

जाखडीच्या गाण्याची एक रीत असते. शेवटच्या कडव्यात शाहीर आपलं नाव गुंफतो, गुरूला नमस्कार करतो. हे गाणं कुणाचं, हे सभेला कळावं म्हणून. महिपतबुवांनीही तसंच केलं. मी ते कडवं जपून ठेवलं.

पुढची काही वर्षं माझा मोठा मान होता. मंडळात मला लावायचे तेव्हा माणसं दाटीवाटीनं बसायची. काकांनी माझी एक प्रत मंडळाला दिली होती. मग टीव्ही बदलले, यंत्रं बदलली, आणि मी कपाटाच्या वरच्या खणात गेले. पावसाळ्यामागून पावसाळे गेले. माझ्या फितीला पांढरी बुरशी धरली. कपाटाचं दार वाजलं की मला वाटायचं, आता मला काढतील. काढायचे ते चादरी!

मी अशी पडून असताना बाहेर माझं काय चाललं होतं, ते मला रुचिताकडून कळलं. मंडळातली ती प्रत कुणीतरी बघायला म्हणून मागून नेली होती. ती परत आलीच नाही. तिची नक्कल झाली, नकलेची नक्कल झाली आणि शेवटी ती इंटरनेटवर फुकट उतरवून घ्यायच्या एका साइटवर जाऊन बसली. चित्राच्या कोपऱ्यातलं सुधीरकाकांचं नाव पुसलेलं. आणि गाणं कुणाचं ते कळू नये म्हणून शेवटचं कडवंच कापून टाकलेलं! वर नाव कुणा तिसऱ्याचंच. मित्रांनो, मला बुरशीचं इतकं दुःख झालं नव्हतं.

रुचिता ही महिपतबुवांची नात. बुवा गेल्या वर्षी वारले. घरात त्यांचे फोटो होते, आवाज मात्र कुठेच नव्हता. तिनं शोधशोध करून ती चोरीची नक्कल मोबाइलवर उतरवली आणि मोठ्या कौतुकानं आजीला, शेवंतीबाईंना, दाखवली. बुवांचा आवाज ऐकून आजीनं पदर तोंडाला लावला. गाणं रंगत गेलं आणि मध्येच कुणीतरी दार आपटावं तसं बंद पडलं. मागोमाग कसल्याशा तेलाची जाहिरात.

"पुढचं कुठाय गं?" आजीनं विचारलं.

"एवढंच आहे, आजी. सगळीकडे हेच आहे."

"मला पुढचंच हवंय."

आणि मग आजीनं कधी कुणाला न सांगितलेली गोष्ट नातीला सांगितली. त्या दिवशी मांडवामागे बायका जाखडीच्या गड्यांसाठी भाकऱ्या थापत होत्या, त्यात शेवंतीबाईही होत्या. ढोलकी ऐकू यायची, शब्द यायचे नाहीत. कार्यक्रम सुटल्यावर मांडवात बसलेल्या बायका हसत आल्या, "शेवंते, भर सभेत तुझं नाव घेतलंनी गो!" शेवंतीबाईंचा विश्वास बसेना. घरात 'अगं ए' यापलीकडे हाक न मारणारा हा माणूस! घरी आल्यावर त्यांनी विचारलं, तर बुवा म्हणाले, "त्या बायांना काय, काय पण बोलतात." आणि विषय तिथंच संपला. पुढे मंडळात मला लावायचे तेव्हाही पुन्हा थट्टा होईल या लाजेनं त्या कधी बघायला गेल्या नाहीत. अख्खा संसार झाला, पण ते खरं की थट्टा, हे त्यांना कळलं नाही. आता विचारायला बुवाच नव्हते.

रुचितानं तो व्हिडिओ पुन्हा पाहिला. मांडवाच्या पडद्यावर मंडळाचं नाव वाचता येत होतं. ती आजीला घेऊन थेट मंडळात गेली. तिथले जुने कार्यवाह सहदेवभाऊ म्हणाले, "अरे, हे तर सुधीरभाऊंनी काढलेलं! मूळ कॅसेट त्यांच्याकडंच असणार. मंडळाची काय पण हरकत नाय. जाऊन भेटा."

अशा त्या दोघी आमच्या घरी आल्या आणि मी कपाटातून उजेडात आले.

काकांनी माझी बुरशी पाहिली आणि त्यांचा चेहरा उतरला. "वहिनी, स्पष्ट सांगतो. फीत फार नाजूक झाली आहे. पुसून घेतो, पण ही एकदाच चालेल असं वाटतं. चालतानाच कॉम्प्युटरवर उतरवून घेऊ. मध्ये तुटली, तर मग इलाज नाही."

"चालवा, भाऊ," शेवंतीबाई म्हणाल्या.

काकांनी मऊ फडक्यानं मला पुसलं आणि जुन्या यंत्रात सरकवलं. माझं चाक कुरकुरलं. जागोजागी मी ताणली जात होते. चित्रावर पांढऱ्या रेघा येत होत्या, महिपतबुवांचा चेहरा दिसे आणि पुसला जाई. जिथे ती नक्कल तुटायची ती जागा आली. शेवंतीबाईंनी नातीचा हात घट्ट धरला. मी सगळं बळ एकवटलं. चित्र गेलंच, पण आवाज मी सोडला नाही.

"गुरुकृपेनं महिपत मधोमध बसला,
शेवंतीच्या भाकरीवर शाहीर पोसला..."

ढोलकी थांबली. सभेनं केलेला गलका ऐकू आला. तेवढ्यात माझ्या पोटात कट्‌कन आवाज झाला आणि मी तुटले.

"मिळालं," कॉम्प्युटरकडे पाहत काका हळूच म्हणाले. "अख्खं मिळालं."

शेवंतीबाईंनी मी होते त्या यंत्रावर हात ठेवला. मग म्हणाल्या, "विचारलं तेव्हा सांगायचं होतं. मी काय रागावले असते?" हे त्या आमच्यापैकी कुणाशीच बोलत नव्हत्या.

मित्रांनो, मी आता पुन्हा चालणार नाही. त्याचं मला वाईट वाटत नाही. तुम्हाला एवढंच सांगते. सणाचं गाणं, नाच, आरती, जे आवडेल ते जरूर ऐका, पण ते कुणाचं आहे ते शोधा, त्यांना विचारा, त्यांच्याकडूनच घ्या. फुकट मिळालेल्या नकलेत काय कापलंय ते तुम्हाला कधीच कळत नाही. कुणीतरी कुठेतरी नेमकं त्याचीच वाट पाहत असतं.

त्या दोघी निघण्याआधी काकांनी शेवंतीबाईंना विचारलं, "वहिनी, सहदेवभाऊंचा फोन आला होता, हे मंडळाच्या चॅनेलवर ठेवायचं त्यांच्या मनात आहे. माझी हरकत नाही. पण गाणं बुवांचं, तेव्हा परवानगी तुमची हवी."

"ठेवा. पण कापू नका काय."

"नाही कापणार. शाहिराचं नाव काय लिहू? तुम्ही सांगाल तसं लिहितो."

"आजी, मी सांगते," रुचिता घाईनं म्हणाली, कारण आजीनं आजोबांचं नाव तोंडानं कधी घेतलं नव्हतं. विचारलं की 'आमचे हे' म्हणायची.

शेवंतीबाईंनी तिला हातानं थांबवलं. डोक्यावरचा पदर सारखा केला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात त्या म्हणाल्या, "लिहा, महिपत."