लांब्याने न सांगितलेली गोष्ट

मोज्यांच्या कारखान्यातली यंत्रं उंच माणसांसाठी घडवलेली होती आणि गावातल्या बायका बुटक्या होत्या. यात दोष कुणाचाच नव्हता. यंत्रं आली होती दूरच्या एका थंड देशातून, जुनी, वापरलेली, वरून हिरवा रंग फासलेली. तिकडे मजुरी महाग झाली म्हणून कारखाना बंद पडला आणि इकडे ती स्वस्त होती म्हणून सुरू झाला. त्याआधी गावात समुद्रकाठी मासळी वाळवायची, एवढाच काय तो धंदा.

बायकांचा हात सुयांपर्यंत पोचेना, तेव्हा मालकाने यंत्रांचे पाय कापायचं मनावर घेतलं. सुतार म्हणाला, "साहेब, यंत्र कापलं तर ते गेलंच. बाई मात्र उंच करता येते." मग त्याने प्रत्येकीला उभं राहायला एकेक लाकडी पाट करून दिला. त्या पाटांवर उभं राहून गावाने शाळा बांधली, डांबरी रस्ता आणला, घरोघरी नळ घेतले. आत्याच्या पाटाला तर डाव्या टाचेखाली चांगला खळगा पडला होता. उजवा पाय पेडलवर असायचा, म्हणून तिकडे लाकूड कोरं होतं.

आत्या खरी एकाच भाच्याची आत्या. भाऊ आणि वहिनी लवकर गेली, पोर हिच्या पदरात आलं, आणि ते पोर "आत्या, आत्या" करत कारखान्याच्या फाटकाशी रडत बसायचं म्हणून सगळा कारखानाच तिला आत्या म्हणू लागला. मॅनेजरसुद्धा म्हणायचा, आणि तो तिच्याहून मोठा होता. भाचा पुढे त्याच कारखान्यात फिटर झाला. हात चांगला, तोंड त्याहून चांगलं. कुठेही चार माणसं जमली की त्याला फर्माईश ठरलेली: "लांब्याची नक्कल कर!"

लांब्या म्हणजे त्या थंड देशातून यंत्रांबरोबर शिकवायला आलेला म्हातारा फिटर. खरं नाव कुणाच्या जिभेवर चढेना, आणि उंची तर सगळ्यांच्या डोळ्यांवर आलेली. कोरडे महिने तो राहिला, खाणाखुणा करून एकेक स्क्रू शिकवला, आणि ओलं वारं सुटायच्या आत परत गेला. निघताना प्रत्येक यंत्रापाशी थांबला, त्याला थोपटलं, आणि शेवटच्या यंत्रापाशी चक्क रडला. डोळे पुसायला रुमाल सापडेना, तेव्हा यंत्रावरचा अर्धवट विणलेला मोजा ओढून पुसले. बायका हसून हसून मेल्या. तेव्हा भाचा पाळण्यात होता, पण ती नक्कल त्याच्यासारखी कुणालाच जमायची नाही.

नकलेच्या शेवटी शिव्या असत. कारण लांब्या गेला, समुद्रावरून दमट हवा आली, आणि सगळ्या यंत्रांनी एकदम टाके गाळायला सुरुवात केली. धागा जड व्हायचा, सुयांत अडकायचा, मोज्याची टाच उसवून हातात यायची. मालकाने लांब्याला तार केली. उत्तर आलं: "असं होऊच शकत नाही." झालं! याहून मोठा पुरावा कुणाला हवा होता? बेट्याने सगळं शिकवलं आणि नेमकी किल्ली खिशात घालून गेला.

उपाय सापडला तो आत्याला, आणि तोही काही अक्कल चालवून नव्हे. तिने डबा गरम करायला धाग्याच्या मांडणीखाली शेगडी ठेवली, आणि त्या दिवशी फक्त तिचंच यंत्र सुतासारखं सरळ चाललं. धागा वाळतो, मोकळा होतो, एवढीच गोष्ट. मग दर दमट ऋतूत मांडण्यांखाली शेगड्या लागू लागल्या. घामाने जीव जायचा, पण टाका गळायचा नाही. लांब्याला दिलेल्या शिव्यांमध्ये मात्र कधी खंड पडला नाही.

तर असा तो कारखाना. एक दिवस मॅनेजरने सगळ्यांना अंगणात जमवलं आणि खाकरून सांगितलं, "आपली प्रगती झाली आहे. आपण आता महाग झालो आहोत. ही आपल्या सगळ्यांच्या अभिमानाची गोष्ट आहे. कारखाना बंद होतोय." टाळ्या वाजवायच्या की कसं, हे कुणाला कळेना. मागच्या दोघींनी वाजवल्या.

यंत्रं विकली गेली लांबच्या एका डोंगराळ, कोरड्या देशात, जिथे मजुरी अजून स्वस्त होती. पुन्हा हिरवा रंग फासला गेला. सौद्यात एक अट होती: शिकवायला एक जाणतं माणूस पाठवायचं. मॅनेजरने आत्याचं नाव दिलं.

निघायच्या आदल्या संध्याकाळी भाचा तिच्या समोर येऊन बसला. कारखाना सुटल्यापासून तो घरातले नळ खोलून पुन्हा बसवत होता. बायकोने दोनदा सुनावलंही होतं, की आता गळायला एकही नळ उरला नाही.

"आत्या, एक ऐकशील?"

"बोल की."

"सगळं शिकव. शेगडीचं तेवढं सांगू नकोस."

आत्याने त्याच्याकडे पाहिलं.

"अगं, ऐक तर! हवा बिघडली की त्यांची यंत्रं बोंबलणार. मग ते माणूस मागवणार. तू सांगायचंस, माझा भाचा फिटर आहे, त्यालाच जमेल. मला तिथे कायमची नोकरी. नाहीतर इथे मी काय करू? मासळी वाळवू? तीसुद्धा आता कुणी वाळवत नाही."

"म्हणजे लांब्याने केलं तेच मी करायचं?"

"त्याने फुकट केलं. तू घरच्या माणसासाठी कर."

आत्या आयुष्यात कधी खोटं बोलली नव्हती असं नाही. रेशनच्या दुकानात बोलली होती, व्याह्यांशी तर धडधडीत बोलली होती. यंत्राच्या बाबतीत मात्र कधी नाही. पण आईबापाविना वाढवलेलं पोर समोर बसलं होतं, आणि त्याचे हात रिकामे होते. ती म्हणाली, "बरं." आणि मनाशी गाठ मारली.

पाट तिने बरोबर घेतला. हमाल म्हणाला, "आजी, तिकडे लाकूड मिळत नाही का?" ती म्हणाली, "मिळत असेल. माझी टाच त्याला माहीत नाही."

तिकडे पोचल्यावर पहिल्याच सकाळी कळलं की पाट आणला ते उत्तम झालं. त्या डोंगरातल्या पोरी ह्या एवढाल्या उंच! त्यांचे हात आपोआप सुयांवर जात होते. यंत्रांना कितीतरी वर्षांनी मापाची माणसं भेटली होती. अख्ख्या कारखान्यात पाटाची गरज एकटीला, ती म्हणजे शिकवणारीला. पोरी एकमेकींत काहीतरी कुजबुजल्या आणि खुदखुदल्या. त्यांच्यातली एक लहानपणी आपल्याकडच्या बंदरात राहिलेली, तिला भाषा येत होती. आत्या तिला दुभाषीच म्हणायची.

"काय म्हणतात गं मला?"

"राहू दे ना, आत्या."

"सांग, सांग. मी काय रडणार आहे?"

"पाटावरची."

"बरोबर आहे," आत्या म्हणाली. "आम्ही पण असंच ठेवलं होतं एकाचं."

पोरी हुशार होत्या. आत्या मनापासून शिकवायची, चुकलं की हातावर चापट मारायची, जमलं की पाठीवर. शेगडीचं मात्र तोंडातून निघू दिलं नाही. रात्री पडल्या पडल्या तिला त्याची लाज वाटायची. मग भाच्याचे ते नळ आठवायचे आणि लाज जरा मागे सरायची.

आणि मग यंत्रं बिघडली.

पण वेगळीच बिघडली. टाके गळेनात. उलट धागा तटातट तुटायला लागला. मोजे एकमेकांना चिकटायचे, सोडवायला गेलं की चुरचुरायचे. लोखंडाला हात लावला की बारीक झटका बसायचा. एका पोरीने तर किंचाळून हात काढला आणि यंत्राला तिच्या भाषेत काहीतरी म्हटलं, जे दुभाषीने सांगायचं नाकारलं. आत्याने सुया बदलल्या, ताण सैल केला, तेल घातलं, तेल पुसलं. काही नाही. तिने हात टेकले.

तिथला मॅनेजर आला. तोही उंचच. पाटावर उभी राहूनसुद्धा आत्याला मान वर करावी लागत होती. तो बोलला आणि दुभाषीने खाली बघत सांगितलं, "ते म्हणतात, तुम्ही काहीतरी लपवताय."

"मला खरंच माहीत नाही, सांग त्यांना."

"ते म्हणतात, इतकी वर्षं चालवलीत आणि माहीत नाही?"

आता काय सांगणार? खरी पंचाईत अशी की ती लपवत होतीच. फक्त हे लपवत नव्हती. जे लपवत होती ते कुणी विचारत नव्हतं, आणि जे विचारत होते ते तिच्याकडे नव्हतं. पोरी तिच्याशी बोलेनाशा झाल्या. पाणी प्यायला गेली की घोळका फुटायचा. इतकं एकटं तिला आपल्या कारखान्याला कुलूप लागलं तेव्हाही वाटलं नव्हतं.

शेवटी ऑफिसातून तिने भाच्याला फोन लावला आणि सगळं सांगितलं. तुटणारा धागा, चुरचुर, झटके. भाचा मोठ्या आत्मविश्वासाने म्हणाला, "छे छे, आत्या! असं होऊच शकत नाही."

आत्याने फोन ठेवला. यंत्रांच्या खात्यात आली, आणि पाटावर उभं राहायच्या ऐवजी पाटावर बसली. त्या पाटावर तिला बसलेलं कधी कुणी पाहिलं नव्हतं. दुभाषी धावत आली. "आत्या, काय झालं? घरी काही वाईट?"

"नाही गं. एक म्हातारा होता. तो दमट हवा सुटायच्या आधीच गेला. त्याच्या देशात ती हवाच नव्हती." मग स्वतःशीच म्हणाली, "त्याला बिचाऱ्याला माहीतच नव्हतं."

दुभाषीला यातलं काही कळलं नाही. समोर यंत्र होतं, यंत्राच्या पलीकडे रागावलेल्या पोरी होत्या, आणि त्यांच्याही पलीकडे, फार लांब, भाचा नळ खोलून बसला होता. ती मनातल्या मनात त्याला म्हणाली, रागवू नकोस रे राजा. आणि बोलली. "आमच्याकडे उलटं व्हायचं. हवा ओली असायची, धागा जड व्हायचा. आम्ही मांडणीखाली शेगडी ठेवायचो. हे मी तुम्हाला सांगितलं नव्हतं. मुद्दाम."

दुभाषीने ते सगळ्यांना सांगितलं. "मुद्दाम"सुद्धा सांगितलं असावं, कारण पोरींनी एकमेकींकडे पाहिलं. मग एक दांडगी पोरगी तरातरा बाहेर गेली आणि पाण्यात बुडवलेली, निथळणारी गोणपाटं घेऊन आली. शेगडीच्या जागी, मांडणीखाली, तिने ती पसरली. आत्याने यंत्र सुरू केलं. धागा एकदा थरथरला आणि चालू लागला.

त्या दिवसापासून त्यांना कुणाची गरज उरली नाही. ओलं कोरडं दोन्ही कळलं. जगात कुठेही नेली तरी ती यंत्रं आता चालली असती.

निघायच्या दिवशी आत्याने पक्कं ठरवलं होतं, की यंत्रांना हात लावायचा नाही. सरळ दारापर्यंत चालत जायचं. पहिल्या यंत्रापाशी जरा धूळ दिसली म्हणून तिने पुसली. दुसऱ्यावर दिसली नाही, तरी पुसली. शेवटच्या यंत्रापाशी पोचेपर्यंत तिला समोरचं धड दिसत नव्हतं, आणि पदर तर पाटाच्या बोचक्याला बांधलेला. मागे पोरी हसत होत्या. दार ओलांडताना तिने वळून पाहिलं, तर ती दांडगी पोरगी गुडघे वाकवून, बुटकी होऊन, यंत्राला थोपटत होती. छान करत होती. भाच्याच्या तोडीची.

घरी आली तर अंगणात जुनं सगळं खातं जमलेलं. चहा झाला. भाच्याने तिच्याकडे बघितलं.

"सांगितलं मी," आत्या म्हणाली. "सांगावं लागलं."

भाच्याचा चेहरा उतरला. मग ते अवघडलेपण जावं म्हणून एक बाई म्हणाली, "अरे, लांब्याची नक्कल तरी कर. किती दिवस झाले!" भाचा मन नसताना उठला, मान लांब केली आणि खांबाला यंत्र समजून धपाधपा थोपटू लागला. बायका हसल्या.

"असं नाही," आत्या म्हणाली. ती उठली. "इतक्या जोरात नाही थोपटत कुणी. हात असा जातो. आधी कडेला, सुयांच्या बाजूला. आणि मग उचलवत नाही तो." तिने खांबावर हात ठेवून दाखवला. हसणं थांबलं. "त्याने काही लपवलं नव्हतं. त्याला माहीत नव्हतं."

"मग इतकी वर्षं आपण शिव्या दिल्या त्या?" कुणीतरी विचारलं.

कपबशा गोळा झाल्या, बायका एकेक करून घरी गेल्या. भाचा ओट्यावर बसून राहिला. आत्या त्याच्या शेजारी बसली.

"मग मी आता काय करायचं, आत्या?"

"मला माहीत नाही रे."

तिला खरंच माहीत नव्हतं. भाचा तिच्या तोंडाकडे बघत राहिला, पुढचं ती केव्हा सांगते याची वाट बघत. आत्या काहीतरी लपवतेय, असं त्याला वाटत होतं.