आवारातला खड्डा

समतानं चाकावरचा हात काढला.

"काय झालं?" मागून रविराज साहेबांनी विचारलं. "लोंढ्याकडनं उधाण निघालंय. फिरव निपाणीकडं."

लोंढ्याच्या जंगलातून काळाची उधाणं उठू लागली त्याला आता बरीच वर्षं झाली होती. पहिलं उधाण मोकळं सुटलं तेव्हा सकाळी शाळेत गेलेली पोरं दाढीमिशा घेऊन घरी परतली होती. मग टिळकवाडीत हे केंद्र उभं राहिलं. उधाण तारांत पकडायचं आणि चाक फिरवून दूर कुठल्या तरी खड्ड्यात उतरवायचं, की ते जमिनीत मुरून जातं. खड्ड्याच्या आसपास थोडंफार झिरपतं, पण सगळे खड्डे पडीक जागी खणलेत, असं समताला नोकरीच्या पहिल्याच दिवशी शिकवलं होतं.

आज पडद्यावर जुन्या नकाशाच्या जागी पहिल्यांदाच आकाशातून काढलेला फोटो आला होता. निपाणीच्या खड्ड्याला खेटून पत्र्याची घरं दिसत होती, विहाराचं निळं छत दिसत होतं, आणि खड्ड्यावरचा सिमेंटचा कट्टाही. तो कट्टा तिनं ओळखला. तिची आई रोज तिथंच बसायची.

वस्तीत सपाट आणि कोरडी अशी तेवढी एकच जागा. सगळ्या बाया मांडीवर सूप घेऊन तिथं बिड्या वळत. सरकारनं आपल्याला बसायला कट्टा बांधून दिला, म्हणून त्यांनी तेव्हा तो बांधणाऱ्या इंजिनियरला कौतुकानं चहा पाजला होता. त्यानंही तो पिऊन घेतला आणि धोक्याची साधी पाटीसुद्धा न लावता निघून गेला. पन्नाशीच्या आतली तिची आई, मालुबाई, आज ऐंशीची दिसत होती. तंबाखूनं बाई वाळते, असं डॉक्टर म्हणाले, नातेवाईक म्हणाले, आणि समतानंही ते मानलं. गरिबाघरच्या बाईचं म्हातारपण कुणाला खटकतं?

"साहेब, तिथं वस्ती हाय."

"नकाशात पडीक हाय."

"माझी आई राहते तिथं."

रविराज साहेब पडद्याकडं न बघताच बोलले, "गायरान हाय ते, समता. गायरानातली घरं नकाशात येत न्हाईत. मला ठाऊक न्हवतं असं न्हाय. पण कुठं तरी सोडायलाच लागतंय की. आणि तिथनं कधी तक्रार आलेली न्हाय."

समताच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तक्रार! ज्यांना आपलं काय चोरीला जातंय हेच कुणी सांगितलं नाही, त्यांनी कसली तक्रार करायची? आणि इतके दिवस चाक फिरवत होते ते तिचेच हात.

भिंतीवरचा उधाण मोजणारा काटा लाल पट्ट्यात शिरला.

"आपल्या आवारात पण एक खड्डा हाय," ती म्हणाली. "त्यातलं कुंपणाबाहेर काय झिरपत न्हाय."

"तो वापरायचा नसतो."

"का?"

साहेबांनी काट्याकडं बोट केलं.

"का वापरायचा नसतो, साहेब?"

"अगं, इथं माणसं हायत!"

बोलून गेल्यावर त्यांचं त्यांनाच ते ऐकू आलं असावं. त्यांनी मान खाली घातली.

"मग माणसांनी बाहेर जावं," समता म्हणाली. "सगळ्यांना घेऊन फाटकाबाहेर जावा. चाक धरून बसायला कुणी तरी लागतंय, मी बसते."

"येड लागलंय काय तुला? उद्या परत उधाण आलं म्हंजे?"

"उद्या तुम्ही बसा."

साहेब दारात घुटमळले आणि गेले. जिन्यावरनं उतरणाऱ्या पावलांचा आवाज थांबेपर्यंत ती थांबली. मग तिनं दोन्ही हातांनी चाक उलटं फिरवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती निपाणीत एसटीतून उतरली. वस्तीपर्यंतचा चढ चढताना तिला पुन्हा पुन्हा थांबून दम घ्यावा लागला. बाया कट्ट्यावर बिड्या वळत बसल्या होत्या. मालुबाईनं डोळ्यांवर आडवा हात धरून तिच्याकडं पाहिलं आणि लगबगीनं सरकून जागा केली.

"या आक्का, टेका जरा. लई लांबनं आलाय जणू. कुणाच्यातल्या म्हणायच्या तुम्ही?"

समता बसली नाही.

"उठ गं आई," ती म्हणाली. आवाज तेवढा पूर्वीचाच राहिला होता. "सगळ्याच उठा इथनं."