पिटुकलीचं झाकण

पत्त्यांच्या कॅटाएवढा तो उघडा कॉम्प्युटर भिंगरीने तळहातावर ठेवून घरभर मिरवला, तेव्हा दादा म्हणाला, "याला आधी काहीतरी खाऊपिऊ घाल गं, अगदीच अशक्त दिसतोय."

"हसून घे! ही पिटुकली आज आत्याच्या खोलीत नेट पोचवणार आहे."

आत्याची खोली सगळ्यात मागे. तिथे तिचं कापड बेतायचं लांबलचक टेबल आणि शिलाई मशीन. मोबाईलवरून शिवण शिकवायचा वर्ग तिने नुकताच सुरू केला होता. पण राउटर पुढच्या खोलीत आणि मधे दोन जाडजूड भिंती. पहिल्याच वर्गात ती कॉलर कापायला गेली आणि चित्र जे थिजलं ते थिजलंच. समोरच्या बायकांना बराच वेळ कात्री उगारून उभी असलेली आत्या तेवढी दिसत राहिली! त्याच बायका आज पाच वाजता पुन्हा येणार होत्या.

"आजही तसंच झालं ना, तर मी हा नाद सोडला," आत्याने सांगून टाकलं होतं. आणि आत्या काही उगाच बोलणाऱ्यांतली नव्हे.

म्हणून भिंगरी सकाळपासून अंगात आल्यासारखी कामाला लागली होती. राउटरपासून केबल भिंतीच्या कडेकडेने थेट आत्याच्या दारापर्यंत आणली. मेमरी कार्डावर सिस्टिम चढवली. मग लॅपटॉपवरून पिटुकलीला नीट बजावलं, की केबलमधून येईल ते नेट घ्यायचं आणि स्वतःचं वायफाय करून आत्याच्या खोलीत सोडायचं. एक अक्षर चुकलं तर बाई रुसून बसल्या. ते सुधारल्यावर सुतासारख्या सरळ झाल्या. वायफायचं नाव ठेवलं 'कात्री'. आत्याच्या मोबाईलवर कात्री झळकली तेव्हा भिंगरीने खोलीतच तीन गिरक्या घेतल्या.

"पण ते असं उघडंबोडकं नको गं, धूळ बसेल," आई म्हणाली आणि तिने बिस्किटांचा पत्र्याचा रिकामा डबा पुढे केला. दादाने केबलसाठी आणि विजेच्या वायरसाठी बाजूला भोक पाडलं. भिंगरीने आत जाड पुठ्ठा अंथरून पिटुकलीला ऐसपैस बसवलं आणि डबा दाराशेजारच्या फळीवर ठेवून दिला. मग हात झटकत ती चहा प्यायला गेली.

चहा निम्मा झाला नाही तोच आत्याची हाक आली. "भिंगरे, कात्री गेली!"

"टेबलाखाली बघ ना!"

"अगं ती नव्हे, तुझी कात्री!"

भिंगरीच्या तोंडचं पाणी पळालं. धावत जाऊन तिने लॅपटॉप उघडला. पुढच्या खोलीतून, केबलवाटे, पिटुकली अगदी शहाण्यासारखी उत्तरं देत होती. वायफाय सुरू आहे. सगळं ठणठणीत आहे. फक्त माझ्याकडे कुणी आलेलं नाही.

"फोन बिघडला असेल," भिंगरी म्हणाली.

"हो, फोनच बिघडला असणार. तू थोडीच चुकणार!" दादा म्हणाला.

पाचाला थोडाच वेळ उरला होता. भिंगरी आणि तिच्यामागून सगळे आत्याच्या खोलीत आले. आत्याने मापाच्या टेपची गुंडाळी केली, सोडली, पुन्हा केली. वायर निसटली की काय, म्हणून भिंगरीने फळीवरच्या डब्याचं झाकण काढलं.

"आली!" आत्या ओरडली.

"वायर तर नीट आहे," असं पुटपुटत भिंगरीने झाकण टक्कन लावलं.

"गेली!"

झाकण काढलं. "आली!" लावलं. "गेली गं बाई!"

मग भिंगरीने कपाळाला हात लावला. पत्रा! चारी बाजूंनी पत्रा, त्यावर पत्र्याचंच झाकण. वायफाय बिचारं बाहेर पडणार कुठून?

"पण झाकण लावलं कुणी?" तिने दरडावून विचारलं.

"मी नाही बाई," आई म्हणाली. "आम्ही सगळ्यांनी आत्ता बघितलं कोण लावतंय ते."

या घरात उघडं झाकण कुणाला बघवत नाही. डबा असो, पेन असो, पातेलं असो, दिसलं की हात आपोआप जातो. भिंगरीचाही गेला होता, आणि तिला त्याचा पत्ताच नव्हता.

"ढक्कन आहेस ढक्कन!" दादा खो खो हसत म्हणाला.

"माझी लेक शोभतेस हो," आई म्हणाली.

"आता हिला ठेवायचं कशात?" भिंगरीने पिटुकलीला वायरींसकट अलगद बाहेर काढून फळीवर ठेवलं. तेवढ्यात आत्याने टेबलाखालून जाळीच्या कापडाचा तुकडा ओढून टेप उलगडला, आणि मोबाईलवर पहिली बाई दिसू लागली.

"या, या," आत्या म्हणाली. "आज कॉलर राहू दे. आज एक पिशवी शिवू. आमच्या भाचीचं नाजूक यंत्र आहे, त्याला वारा लागला पाहिजे आणि धूळ लागता कामा नये. भिंगरे, टोक धर."

भिंगरीने टोक धरलं.

"बाई, जाळीची कड उसवत नाही का?" पलीकडून एकीने विचारलं.

"उसवते ना! म्हणून तर आधी पट्टी लावायची. जवळून दाखवते, बघा." आत्याने कापड मोबाईलपाशी नेलं. "दिसतंय?"

"टाका न् टाका दिसतोय," पलीकडच्या तिघीजणी एकदमच बोलल्या.